निरोपकाकांच्या खोलीतला मॉनिटर

मी एक जुना मॉनिटर आहे, मित्रांनो. वर्गात बडबड करणाऱ्यांची नावं फळ्यावर लिहितो, तो मॉनिटर नव्हे. तुमच्या घरातल्या टीव्हीचा मी चुलतभाऊ. टीव्हीसमोर सगळं घर बसतं, माझ्यासमोर मात्र एकच माणूस बसायचा. वाहिनीच्या कचेरीत कार्यक्रमांची काटछाट आणि जोडाजोड करणारा, ज्याला संकलक म्हणतात, तो. आता माझ्यासमोर कुणीच बसत नाही. मला सामानाच्या खोलीत एका मोडक्या खुर्चीवर ठेवलं आहे आणि माझं तोंड भिंतीकडे आहे. याचं मला फारसं वाईट वाटत नाही. दुःख मी इतक्या जवळून आणि इतक्या वेळा पाहिलं आहे, की आता ते ओळखू येतं, पण होत नाही.

माझा जन्म कारखान्यात झाला. पुढे जाड काच, मागे भलं मोठं कुबड, आणि वजन एवढं की उचलायला दोन माणसं लागत. रांगेच्या शेवटी हातमोजे घातलेली एक बाई बसली होती. तिने माझ्यावर रंगांचे पट्टे लावून पाहिले, मग एका माणसाचा चेहरा लावला आणि कातडीचा रंग बरोबर दिसतो का ते तपासलं. घरातले टीव्ही जरा तोंडपुजे असतात, ते फिक्या माणसालाही गुलाबी करून दाखवतात. आम्हा मॉनिटरांना ती मुभा नाही. त्या बाईने मला फडक्याने पुसलं आणि शेजारणीला म्हणाली, "हा आहे तसं दाखवतो." ही माझी पहिली शाबासकी. ती मी पुष्कळ दिवस पुरवून खाल्ली.

वाहिनीच्या कचेरीत आल्यावर आधी मला बातम्यांच्या दालनात बसवलं. तिथे नुसता आरडाओरडा. नंतर कॉरिडॉरच्या टोकाला, स्वच्छतागृहाला लागून असलेल्या एका लहान खोलीत माझी रवानगी झाली. खोलीत एक टेबल, एक कपाट, टेप चालवायची दोन यंत्रं आणि एक फिरती खुर्ची होती. त्या खुर्चीत निरोपकाका होते.

काका म्हणावं असं त्यांचं तेव्हा वय नव्हतं. मिसरूड जाऊन मिशी आली होती, एवढंच. पण नाव पडलं ते पडलंच. झालं असं, की एका सुट्टीच्या दिवशी एक मोठ्या गायिका अचानक गेल्या. जुने जाणते संकलक सगळे गावाला गेलेले. कचेरीत सापडले ते हेच. दुपारी बसले आणि संध्याकाळच्या बातम्यांच्या आत त्यांनी निरोपाचा असा काही कार्यक्रम जोडून दिला, की दुसऱ्या दिवशी साहेबांनी पाठ थोपटली. "याचा हात चांगला आहे," ते म्हणाले. मित्रांनो, कचेरीत कुणी तुमचा हात चांगला आहे म्हणालं तर सावध राहा. ते काम तुमच्या गळ्यात पडतं आणि जन्मभर लोंबकळतं. त्यानंतर कुणीही मोठं माणूस गेलं, की फोन याच खोलीत वाजू लागला.

खोलीतल्या कपाटात एक वेगळी फळी होती. तिच्यावर जिवंत माणसांचे शेवटचे कार्यक्रम तयार ठेवलेले असत. तुम्हाला हे विचित्र वाटेल, पण धंद्याची रीतच तशी आहे. माणूस जातो सकाळी आणि कार्यक्रम हवा असतो दुपारी, मग ऐनवेळी कुठे धावायचं? म्हणून कुणाचं वय झालं, कुणाला दवाखान्यात ठेवलं असं कानावर आलं, की काका कामाला लागत. माणूस बरा होऊन घरी आला तरी ते टेप पुसत नसत. "लागेल कधीतरी," असं म्हणून फळीवर ठेवून देत.

यामुळे कचेरीत त्यांची थट्टा होई. निरोपकाकांनी कुणाला सहज जरी "तब्येत काय म्हणते?" असं विचारलं, तरी ऐकणारा संध्याकाळी डॉक्टरांकडे जाऊन येई. मुलाखतीला आलेल्या एका वयस्कर नटाने कॉरिडॉरमध्ये काकांना समोरून येताना पाहिलं आणि आल्या पावली मागे फिरून तो दुसऱ्या जिन्याने खाली गेला. काका खोलीत येऊन बसले आणि त्याचीच टेप काढली. "पळतो अजून चांगला," असं स्वतःशी म्हणाले आणि कामाला लागले.

काम मात्र खरंच नामी होतं. त्यांचा कार्यक्रम कधी भाषणाने किंवा बक्षिसाने सुरू होत नसे. पेला तोंडाला लावायचा विसरून बोलत राहिलेला शास्त्रज्ञ, बुटाची नाडी बांधताना धापा टाकणारा खेळाडू, असं काहीतरी ते हुडकून काढत. एका शब्दाशी त्यांचं हाडवैर होतं. कुणीही मोठं गेलं की कॅमेऱ्यासमोर येणारा प्रत्येक जण सांगे, की आज कधीही भरून न येणारी पोकळी निर्माण झाली आहे. काका ती पोकळी नेमाने कापून फेकत. "एवढ्या पोकळ्या झाल्या," ते म्हणायचे, "तर आपण उभे कशावर आहोत?"

मी त्यांना समोरून पाहत होतो. माझ्यावर गेलेल्या माणसाचा चेहरा आणि माझ्यासमोर काकांचा. सुरुवातीला त्यांचे डोळे भरून येत. मग ते यंत्र थांबवून कॉरिडॉरमध्ये जात, तोंडावर पाणी मारून येत. हळूहळू पाणी मारणं बंद झालं. पुढे डोळे भरणंही बंद झालं. कधी झालं ते त्यांना कळलं नाही आणि खरं सांगायचं तर मलाही नाही. माझ्यावर एखाद्या मृताची बायको हमसून हमसून रडत असे आणि काका तिच्यासमोर डबा उघडून शांतपणे जेवत. एकदा कार्यक्रमाच्या निर्मातीबाई दारात उभं राहून म्हणाल्या, "हे बघवत नाही हो." काकांनी घास गिळला आणि म्हणाले, "हो, रडणं जरा लांबलंय. कमी करतो."

ते दुष्ट नव्हते, मित्रांनो. रोज गरम भांडी उचलणाऱ्याच्या बोटांना चटका लागेनासा होतो, तसं त्यांचं झालं होतं. बोटांचं ठीक आहे. पण काकांना घरही होतं.

काकू ड्रायव्हिंग स्कूलमध्ये गाडी शिकवायच्या. आवाज खणखणीत. खोलीतला फोन वाजला की तो कानापासून लांब धरूनच काका बोलत, त्यामुळे मलाही सगळं ऐकू येई. "अहो, आज एकाने गाडी थेट भाजीच्या दुकानात घातली," असं त्या सांगत आणि खो खो हसत. काकांची नजर माझ्यावर खिळलेली असे. "हं," ते म्हणत. "हो. जेवलो. हं." फोन ठेवला की लगेच टेप मागेपुढे करायचं यंत्राचं चाक फिरवत. जी नजर त्या बाईंच्या वाट्याची होती ती मला मिळत होती. मी ती मागितली नव्हती. पण नको असंही मी म्हणालो नाही, आणि म्हणणार तरी कसा?

मग काकूंच्या हृदयाची झडप बिघडली. ऑपरेशन ठरलं. दवाखाना कचेरीच्या समोरच होता, रस्ता ओलांडला की आलाच. काका सकाळ-संध्याकाळ तिकडे जाऊन येत आणि मधल्या वेळात माझ्यासमोर बसत. एक दिवस त्यांनी पिशवीतून घरच्या टेपा काढल्या. कुणाच्या तरी लग्नातल्या, कुठल्याशा सहलीच्या, ड्रायव्हिंग स्कूलच्या स्नेहसंमेलनाच्या. माझ्यावर काकू दिसू लागल्या. मला वाटलं, काकू घरी आल्यावर त्यांना खूश करायला काहीतरी चाललं आहे. सुट्टीच्या दिवशी कचेरीचा कॅमेरा घेऊन काका काकूंच्या ओळखीच्यांकडेही जाऊन आले. काकूंची बहीण बोलली, शेजारीण बोलली, साठी उलटल्यावर गाडी शिकलेले एक निवृत्त पोस्टमास्तर बोलले. सगळे हसून बोलत होते, कारण काकांनी त्यांना सांगितलं होतं की ही एक गंमत आहे.

नंतर काकांनी कपाटातून संगीताची टेप काढली. ती संथ सुरावट मी पाठ ओळखत होतो. वाढदिवसाच्या कार्यक्रमाला ती कधीच लागत नसे. तेव्हा मला कळलं, की काका काकूंना फळीवर ठेवायच्या तयारीत आहेत.

त्यांना काकू जायला हव्या होत्या असं समजू नका. उलट, भीतीने त्यांचं सगळं अंग बधिर झालं होतं आणि फक्त हात चालू होते. त्या हातांना दुसरं काही येतच नव्हतं.

ऑपरेशनच्या दिवशी काकांची थोरली बहीण रस्ता ओलांडून थेट खोलीच्या दारात येऊन उभी राहिली. "तिला आत नेलंय आणि तू इथे?"

"तिथे बसून काय करू, ताई?"

"काय करू म्हणजे? बसायचं. आम्ही सगळे बसलोय." मग तिची नजर माझ्याकडे गेली. माझ्यावर काकू एका लांबलचक रस्त्यावरून पाठमोऱ्या चालत जात होत्या. काकांचे सगळे कार्यक्रम असे पाठमोरे संपत. ताईंना त्यातलं काही कळलं नाही. त्यांना फक्त भावजय दिसली. "तिचे व्हिडिओ बघत बसलास होय रे," त्या मऊ आवाजात म्हणाल्या, डोळे पुसले आणि परत गेल्या. काकांनी शेवटचा जोड नीट केला, टेपवर नाव लिहिलं आणि मग ते दवाखान्यात गेले.

काकू वाचल्या. दवाखान्यातून त्या विश्रांतीसाठी भावाकडे गेल्या. डॉक्टर म्हणाले होते तेवढी विश्रांती झाली, त्याच्या दुप्पट झाली, तरी त्या घरी आल्या नाहीत. फोन येई, पण त्यात भाजीची दुकानं नसत. इकडून "हो, जेवलो" जाई आणि तिकडून नुसता "बरं" येई. काका रिसीव्हर ठेवत आणि चाक फिरवत.

आणि एक दिवस दुपारी काकू खोलीत आल्या. बारीक झाल्या होत्या, एक हात छातीवर होता. काका उठून उभे राहिले आणि खुर्ची द्यावी की काय करावं ते न कळून तसेच राहिले. काकूंनीच ती ओढून घेतली.

"पोस्टमास्तर भेटायला आले होते," त्या म्हणाल्या. "विचारत होते, तुमचा कार्यक्रम टीव्हीवर कधी लागणार? मी म्हटलं, कसला कार्यक्रम? लावा."

"काय लावू?"

"माझं. खाली दादाने गाडी उभी केलीय. माझं सामान गाडीतच आहे. हे बघून ठरवणार आहे, घरी जायचं का परत त्याच्याकडे."

काकांनी आजवर पुष्कळ कार्यक्रम केले होते, पण ज्याचा होता त्याला कधी दाखवला नव्हता. त्यांनी स्टूल ओढून घेतलं आणि टेप लावली.

माझ्यावर काकू किल्ल्या शोधू लागल्या. पर्समध्ये, टेबलावर, पुन्हा पर्समध्ये, आणि किल्ल्या सगळा वेळ त्यांच्या दुसऱ्या हातात. मग लग्नाच्या मांडवात त्या सगळ्यांना गाड्या कशा लावायच्या ते सांगताना दिसल्या. मग बहीण, शेजारीण, पोस्टमास्तर. मग ते संगीत, तो रस्ता आणि पाठ. माझ्यासमोर खऱ्या काकू बसल्या होत्या. त्यांच्या चेहऱ्यावरची रेषही हलली नाही.

"म्हणजे मी गेले," टेप संपल्यावर त्या म्हणाल्या.

काकांनी टेप यंत्रातून बाहेर काढली.

"छान झालंय. पोकळी कुणीच म्हणालं नाही."

"तुझी बहीण म्हणाली होती. काढलं."

काकूंना हसू आलं आणि टाक्यांची आठवण होऊन त्यांनी छाती दाबून धरली. हसू ओसरल्यावर त्यांनी विचारलं, "मी किल्ल्या अशा शोधते?"

"रोज."

"तुम्ही कधी बघितलंत?"

काकांनी माझ्याकडे बोट केलं. "इथे."

"इथे एवढं बघता, तर घरी का नाही हो बघत?"

काकांनी यंत्राच्या चाकावर बोट ठेवलं. मग म्हणाले, "घरी थांबवता येत नाही."

"धावती गाडीच चालवायची असते," काकू म्हणाल्या. "उभ्या गाडीत कुणी शिकलंय का कधी?" आणि मग सरळच म्हणाल्या, "हे पुसा."

काकांचा हात टेपवर होता. बऱ्या झालेल्या कुणाची टेप त्यांनी आजवर पुसली नव्हती. "राहू दे की," ते म्हणाले. इतका बारीक आवाज मी त्यांच्या तोंडून कधी ऐकला नव्हता. "चांगली जमलीय. आणि यात तू आहेस."

"यात मी आहे म्हणूनच. ही राहिली तर तुम्ही हिच्याकडेच बघाल. मी खुर्चीत बसलेय ना?"

"पुसायचं म्हणजे वरून काळं भरावं लागतं. कार्यक्रम जेवढा लांब, तेवढाच वेळ."

"भरा. मी बसते."

काकांनी यंत्र लावलं आणि मी काळा झालो. मित्रांनो, तेवढा वेळ माझ्यावर काहीच नव्हतं. पण काच काळी झाली की तिच्यात समोरचं दिसतं. काका सवयीने माझ्याकडेच बघत बसले होते. त्यांना आपला चेहरा दिसला आणि त्याच्या शेजारी काकूंचा. काकू माझ्याकडे बघत नव्हत्या. त्या टेबलावरच्या डब्याकडे बघत होत्या.

"डबा धुतलेला नाही," त्या म्हणाल्या. "किती दिवस झाले?"

आणि काकांनी मान वळवली. इतक्या वर्षांत यंत्र चालू असताना त्यांनी कधीच मान वळवली नव्हती. मला त्यांचा चेहरा दिसेनासा झाला. दिसला तो कान, आणि कानावरचे पांढरे केस.

"मला वाटलं, तू मरणार," ते म्हणाले.

"मलाही वाटलं."

"मला काही होतच नव्हतं गं. रडू नाही, काही नाही. सगळे बाहेर रडत होते आणि मी इथे जोड नीट करत होतो."

"ठाऊक आहे."

"मला अजूनही काही..." एवढं म्हणाले आणि तो कान लाल झाला. खांदे हलू लागले. काकूंनी त्यांच्या पाठीवर हात ठेवला आणि शिकाऊ चालकाला सांगावं तसं म्हणाल्या, "सावकाश. घाई नाही."

टेप संपली, यंत्र खट्ट करून थांबलं. ते दोघांनाही कळलं नाही. बऱ्याच वेळाने काकू उठल्या, खिडकीशी गेल्या आणि खाली ओरडून म्हणाल्या, "दादा, गाडी आमच्या घरी घे!" मग त्यांनी डबा उचलला. जाताना मला बंद करायचं काका विसरले.

ते एका दिवसात बदलले असं मी म्हणणार नाही. मी आहे तसं दाखवणारा आहे. त्यानंतरही ते याच खोलीत बसले आणि पुष्कळ माणसांना निरोप देत राहिले. डोळे कोरडेच असायचे. फक्त कुणी दारात येऊन बोलू लागलं, की ते मला बंद करून खुर्ची वळवत. काकूंचा फोन आला तरीही बंद करत. काम रेंगाळू लागलं, निर्मातीबाई कुरकुरल्या. मी अंधारात बसून त्यांचं बोलणं ऐकत असे. निरोपकाका हसतानाचा आवाज मला तेव्हा पहिल्यांदा नीट ऐकू आला. चेहरा कसा दिसत होता ते सांगता येणार नाही, तो माझ्याकडे नसे.

पुढे पापडासारखे पातळ पडदे आले आणि मी जड झालो. काका निवृत्त झाले तेव्हा साहेब म्हणाले, "हा मॉनिटर आठवण म्हणून घरी घेऊन जा." काकांनी माझ्यावरून एकदा हात फिरवला आणि म्हणाले, "नको. घरी बघायला माणूस आहे." मला वाईट वाटायला हवं होतं. खूप शोधलं, पण सापडलं नाही.

मित्रांनो, माझ्यासारखी जुनी यंत्रं आपल्या गोष्टीत या ठिकाणी आली की तुम्हाला सांगतात, आम्हाला पुसा, आम्हाला टाकू नका, आमची कदर करा. माझं तसं काही मागणं नाही. धूळ बसू द्या. पण तुमच्याही घरी माझा कुणी ना कुणी भाऊबंद आहे, भिंतीवर, नाहीतर खिशात. तो समोर लागलेला असताना तुमची आई, बाबा, आजी असं कुणीतरी दारात येऊन काही सांगायला लागलं, मग ते भाजीच्या दुकानाचं का असेना, तर त्याला बंद करा. आमच्यावरचं चित्र परत लावता येतं. आमच्या जातीला त्याचा राग येत नाही.

बटण बहुतेक उजव्या हाताला, खालच्या बाजूला असतं. जुनं असलं तर जरा जोरात दाबावं लागतं.